मुदतवाढ, विलंब शुल्कासह

मुलुंड (पूर्व)
९ फेब्रुवारी २०२६

नितेश,

वर 'चिरंजीव' लिहिणार होते. मग वाटलं, तेवढं वाचूनच तू कागद बाजूला टाकशील. म्हणून नुसतं नाव लिहिलंय.

फोन तू उचलत नाहीस. व्हॉट्सॲपवर माझ्या मेसेजला एकच खूण येते, म्हणजे तू मला ब्लॉक केलंयस असं कमल म्हणाली. कमल आठवते ना, आमच्या कॉलेजची शिपाई? ती वाकोल्याला तुझ्या मागच्याच गल्लीत राहते. हे पत्र ती तुझ्या दाराखालून आत सरकवेल. तिला काही विचारू नकोस, तिला आतलं काही माहीत नाही.

तुझा जानेवारीतला मेसेज मला पाठ झालाय. '३१ मार्चपर्यंत घराच्या कर्जातून माझं नाव काढ. बदलापूरच्या फ्लॅटचं टोकन दिलंय. तुझ्या कर्जात माझं नाव आहे म्हणून मला कुठलीच बँक दारात उभं करत नाही. नाव निघालं नाही तर टोकन जाईल, आणि मग मला आई नाही असं मी समजेन.' बरोबर ना? एवढं लिहिलंस आणि दार लावून घेतलंस.

अरे, पण मी शब्द दिला होता तो विसरले नाहीये. मे अखेरीला मी रिटायर होतेय. ग्रॅच्युइटी आणि रजेचे मिळून सतरा-अठरा लाख हातात येतील. हिशोब माझ्या वहीत आहे. जानेवारी एकवीसमध्ये कर्ज घेतलं चाळीस लाख. तीस हजार सातशे बहात्तरचे साठ हप्ते भरून झाले, एकही चुकलेला नाही. म्हणजे गेले साडेअठरा लाख, राहिले साडेएकवीस. माझे अठरा त्यात घातले की उरतात साडेतीन, ते पतपेढीतून उचलते. कर्ज खलास, तुझं नाव मोकळं. आहे काय त्यात एवढं?

फक्त ३१ मार्चच्या ऐवजी ३१ मे धर. बिल्डरला सांग, आई रिटायर होतेय. दोन महिन्यांची मुदतवाढ दे मला. परीक्षेच्या फॉर्मची मुदत संपली की पोरं माझ्या खिडकीशी येऊन कशी रडायची ते तू लहानपणी कॉलेजात बसून बघितलंयस. बोर्डावर मी 'मुदतवाढ' लिहिलं की पाया पडायची. जगाच्या पोरांना तीस वर्षं मुदत दिली, मला माझ्या पोराकडून दोन महिने मिळू नयेत?

श्रुतिकाला त्या दिवशी मी काय बोलले ते मला नीटसं आठवत नाही. रागाच्या भरात माणूस बोलून जातो. तू दोन वर्षं धरून बसण्यासारखं नक्कीच नव्हतं.

तुझी आई


मुलुंड (पूर्व)
१८ फेब्रुवारी २०२६

नितेश,

आधीचं पत्र वाचलं असशील तर त्यातला हिशोब खोडून टाक. वाट लागली रे.

काल अर्धी रजा टाकून बँकेत गेले. म्हटलं, उरलेला नक्की आकडा लिहून घ्यावा, म्हणजे तुझा विश्वास बसेल. काउंटरवरच्या मुलीने कागद छापून दिला. त्यावर बाकी होती सदतीस लाख चाळीस हजार.

मी तिला म्हटलं, "बाळा, हे दुसऱ्या कुणाचं तरी आहे."

"नाही मॅडम, जानकी बाळा परब आणि नितेश बाळा परब. तुमचंच आहे."

"अगं, मी साठ हप्ते भरलेत! साडेअठरा लाख!"

"हो ना मॅडम. त्यातले पंधरा लाख शहाऐंशी हजार व्याजात गेले. मुद्दलात दोन लाख साठ हजार आले."

मुलगी चांगली होती. खुर्ची दिली, पाणी दिलं, मग पेन घेऊन समजावलं. हप्त्यातून आधी व्याज कापतात, उरेल तेवढंच मुद्दलातून उतरतं. आपण घेतलं तेव्हा दर सहा पूर्णांक नऊ होता, सुरुवातीला महिन्याला आठेक हजार तरी उतरत होते. मग दर चढत चढत सव्वानऊच्या पुढे गेला, आणि आपला हप्ता मात्र तोच राहिला. तर दोन वर्षं, नितेश, तीस हजार सातशे बहात्तरमधले जेमतेम हजार रुपये कर्जातून उतरत होते. हजार! दोन वर्षं मी बँकेला पगार देत होते आणि बँक मला हजार रुपये परत देत होती, असं समज.

आणि मी काय करत होते माहितीये? सोसायटीत मिरवत होते. सगळ्यांचे हप्ते वाढले, आमचा नाही वाढला. शेजारच्या सपनाला तर मी सल्लासुद्धा दिला होता.

पुढे वाच. कागदावर खाली कर्ज संपण्याचा महिना असतो. जानेवारी २०४१ होता ना? तिथे आता सप्टेंबर २०४९ आहे. वीस वर्षांचं कर्ज, पाच वर्षं भरलं, आणि अजून तेवीस वर्षांच्या वर बाकी आहे. तेव्हा मी एक्याऐंशीची असेन, म्हणजे नसेनच. तू पंचावन्नचा असशील. चाळीस लाखांचे शेवटी एक कोटी पाच लाख होतात. मी मुलीला दोनदा गुणाकार करायला लावला.

तुझं नाव नुसतं काढता येतं का, तेही विचारलं. येत नाही. कर्ज घेतलं तेव्हा मी त्रेपन्नची होते. माझ्या एकटीच्या नावावर त्यांनी रिटायर होईपर्यंत, पाच वर्षांसाठीच दिलं असतं, आणि मग हप्ता माझ्या पगाराच्या बाहेर गेला असता. बँकेला तुझा पगार नको होता, तुझं वय हवं होतं. तू नुकता नोकरीला लागला होतास, सव्वीस वर्षांचा. मी म्हटलं, सही कर रे, घर तुझंच आहे. तू न वाचता केलीस.

आता ऐक. मी रात्रभर विचार केलाय. मेमध्ये माझे सतरा-अठरा लाख सगळेच्या सगळे भरते. उरतील वीस लाख. हाच हप्ता चालू ठेवला तर साडेसात वर्षांत फिटतं. साडेसाती म्हण हवं तर. पेन्शन सत्तावीस हजार येईल, वरचे मी कुठून तरी करीन, चार घरी डबे देईन, शिकवण्या घेईन. तुझा एक रुपया नको. फक्त तुझं नाव तेवढं राहू दे. बदलापूर पुन्हा मिळेल रे. तू एकतीसचा आहेस, श्रुतिका एकोणतीसची, तुमच्यापुढे सगळं आयुष्य पडलंय. माझ्याकडे हे एवढं एकच आहे.

तुला असल्फ्याच्या टेकडीवरची आपली जुनी खोली आठवत नाही का? एकशे बारा पायऱ्या. तुझे बाबा मिलच्या पाळीसारखे पहाटे उठून पाण्याचे हंडे वर आणायचे. घरात नळ यावा एवढंच त्यांचं मागणं होतं, ते बघायला राहिले नाहीत. या घरात आल्यावर पहिला महिनाभर मी उगाचच नळ सोडून बघत होते. ती खोली विकून, मंगळसूत्रातल्या वाट्यासुद्धा विकून आलो आपण इथे. आता मला पुन्हा टेकडीवर नको रे पाठवूस. पाया पडते तुझ्या.

आई


मुलुंड (पूर्व)
२ मार्च २०२६

नितेश,

बारा दिवस झाले. कमल म्हणते, "मॅडम, मैने खुद अंदर डाला, दोनो टाईम." तिला आतलं काही माहीत नाही असं मी पहिल्या पत्रात लिहिलं होतं, ते खोटं होतं. तिला सगळं माहीत आहे. बँकेतून आले त्या दिवशी तर स्टाफरूमच्या मागे तिच्याच खांद्यावर रडले.

तुझं उत्तर येत नाही म्हणजे तुला नुसता हिशोब नकोय, हे मला कळतंय. मी दोन पत्रांत जे लिहिलं नाही, ते आता लिहिते.

श्रुतिकाला मी काय बोलले ते मला शब्दन् शब्द आठवतं. तू घर विकूया म्हणालास, आणि मी तुझ्यावर ओरडायच्या ऐवजी तिच्यावर ओरडले. "बापाच्या घरून ताटवाटी आणली नाहीस आणि माझ्या घरावर डोळा ठेवतेस?" तिने चहाचे कप विसळून पालथे घातले आणि पिशवी भरायला गेली. मला ते कप अजून दिसतात. तिला सांग, किंवा सांगू नकोस. तोंड आहे कुठे मला.

दुसरी गोष्ट तुला माहीतच नाही. ती सांगितल्यावर तू मला आई म्हणशील असं वाटत नाही, तरी सांगते.

कर्ज आपोआप वाढलं नाही. मी वाढवलं. फेब्रुवारी तेवीसमध्ये बँकेतून बोलावणं आलं होतं. तेव्हा दुसराच एक माणूस बसायचा, घाईतला. म्हणाला, "मॅडम, दर वाढलाय. हप्ता वाढवायचा की मुदत वाढवायची?"

तूच सांग नितेश, मी काय म्हणणार? फॉर्मची मुदत वाढली, रेशनकार्डाला अंगठा लावायची मुदत वाढली, घरपट्टीची मुदत वाढली, की आपण हुश्श करतो. मुदत वाढणं वाईट असतं हे मी जन्मात कधी ऐकलं नव्हतं. मला वाटलं, बँक आपल्यावर मेहेरबान झाली. मी म्हटलं, "मुदत द्या हो, देव तुमचं भलं करो." तो हसला. का हसला ते मला आत्ता कळतंय.

त्या फॉर्मवर दोघांच्या सह्या लागणार होत्या. मी फॉर्म घरी आणला. तू नाइट शिफ्ट करून आला होतास, दुपारचे बारा वाजले होते, तू पालथा झोपला होतास. उठवायचं जिवावर आलं. खोटं कशाला बोलू, जिवावर आलं हे अर्धंच. तू वाचशील, प्रश्न विचारशील, आणि बँकवाला मन बदलेल अशी भीती वाटली. तुझ्या प्रगतिपुस्तकावर मी तुझ्या बाबांच्या सह्या करायचे ना, ते पाळीवर असले की? तशीच तुझी करून टाकली. 'नितेश बा. परब.' कोपऱ्यावरच्या दुकानातून पाव किलो पेढे आणले आणि देवापुढे ठेवले. उठल्यावर तू दोन खाल्लेस. कसले पेढे म्हणून विचारलंस तेव्हा मी सांगितलं, आज एकादशी. एकादशी नव्हती.

परवा कॉलेजात बोर्ड लिहीत होते. 'परीक्षा अर्ज भरण्यास दि. १० मार्चपर्यंत मुदतवाढ, विलंब शुल्कासह.' हे वाक्य मी हजार वेळा लिहिलं असेल. परवा शेवटच्या दोन शब्दांवर हात थांबला. विलंब शुल्कासह. तीस वर्षं दर वेळी माझ्याच हाताने लिहिलं, पोरांकडून शंभर-दोनशे रुपये मोजून घेतले, पावत्या फाडल्या. आणि बँकेने मुदतवाढ दिली तेव्हा शुल्क किती, एवढं विचारायचं सुचलं नाही. कमलने विचारलं, "क्या हुआ मॅडम, मार्कर सूख गया?" मी हो म्हटलं.

आता मला ओरड. घरी ये आणि ओरड. पण गप्प राहू नकोस रे.

आई


मुलुंड (पूर्व)
१२ मार्च २०२६

नितेश,

कमलने माझंच पाकीट परत आणून दिलं. वाटलं, न फोडता पाठवलंस. मग मागच्या बाजूला तुझं अक्षर दिसलं.

'सही मी तेव्हाच बघितली होती. बँकेचा एसएमएस मलाही आला होता. मी जाऊन फॉर्म काढून बघितला. वाटलं, तू सगळं समजून केलंस. तुला खरंच माहीत नव्हतं?'

मी हे किती वेळा वाचलं ते सांगत नाही. आधी सुटल्यासारखं वाटलं, आणि मग बाकीचं कळलं.

म्हणजे तीन वर्षं तुला माहीत होतं. त्यातलं वर्षभर तू याच घरात जेवत होतास, मला 'आमटी झकास झालीय' म्हणत होतास, आणि मनात धरून बसला होतास की आईने आपल्याला पंचावन्नाव्या वर्षापर्यंत बांधून घातलं, तेही आपली सही चोरून. मी समजत होते तू बायकोच्या नादाने गेलास. तू समजत होतास आईने तुझं वय गहाण टाकलं. 'घर विकूया' म्हणालास तेव्हा तू मला कबूल करायची एक संधी देत होतास ना? आणि मी श्रुतिकाची ताटवाटी काढली.

मला राग पण आलाय तुझा. का नाही विचारलंस? हातातला फॉर्म माझ्या तोंडावर का नाही मारलास? तू कॉलेजपासून इंग्रजीत सही करतोस, मी केली मराठीत, आणि बँकेनेसुद्धा ती घेतली. असल्या गाढव चोराला एकदा तरी विचारायचंस ना, 'आई, हे काय?' मी तेव्हाच बँकेत धावले असते. तेव्हा निदान दर महिन्याला पाच-सहा हजार वाढवून भरले असते. पगार होता तेव्हा.

पण तू मला विचारशील अशी मी राहिले नव्हते, हेही खरं.

तुझ्या प्रश्नाचं उत्तर: नव्हतं माहीत. आईची शपथ घेऊन सांगते, नव्हतं माहीत. पण सही तुझी नाही हे मला माहीत होतं. तेवढं पुरे आहे.

साडेसात वर्षांचं जे लिहिलं होतं, ते मी मागे घेते. तुझी तारीख ३१ मार्चच राहू दे.

आई


मुलुंड (पूर्व)
२७ मार्च २०२६

चिरंजीव नितेश,

आज लिहिते हा शब्द. तुला चालो न चालो.

घर विकलं. शेजारची सपना दोन वर्षं मागे लागली होती, तिला भिंत पाडून दोन्ही घरं जोडायची आहेत. तिच्या नवऱ्याचं ठाण्यातलं दुकान नुकतंच विकलं गेलंय, पैसे तयार होते. एकोणसत्तर लाखांना ठरलं. मी घासाघीस केली नाही, ती माझ्या दारात पेढे घेऊन आली तेव्हा मात्र म्हटलं, पेढे नकोत गं, खारे शेंगदाणे असतील तर दे. पाडव्याला शेवटची गुढी उभारली आणि दुसऱ्या दिवशी रजिस्ट्रेशन केलं.

तिने पहिला चेक थेट बँकेच्या नावाने दिला. परवा तो वटला. कर्ज बंद झाल्याचं बँकेचं पत्र सोबत आहे, त्यात तुझं नाव वरून दुसरं आहे. ते घेऊन सोमवारी बदलापूरची फाइल पुढे सरकव. नक्कल काढून ठेव, मूळ कागद कुणाला देऊ नकोस. आणि एक ऐक. तुमच्या बँकेत कुणी 'हप्ता की मुदत' असं विचारलं, तर श्रुतिकाला पुढे कर. ती कमी बोलते, पण तिला बेरीज येते. दर वर्षी शिल्लक किती ते कागदावर मागा. हप्ता वाढवायला सांगितला तर पोटाला चिमटा काढा आणि वाढवा. दर चढेल तेव्हा मुदत फुकट वाढवून देणारा माणूस आपला नसतो, एवढं मला एका घराच्या किमतीत कळलं.

हातात एकतीस लाख उरले. ते मी बँकेत ठेवले, वेगळ्या बँकेत. मे अखेरपर्यंत सपनाने मला इथेच राहू दिलंय. नंतर भांडुपला एक खोली बघितली आहे, तळमजल्याची. पाणी सकाळी दोन तास येतं, मला एकटीला भरपूर झालं. कमलने वाकोल्याला तिच्या शेजारची खोली दाखवली होती, भाडंही कमी होतं. मीच नको म्हटलं. तुझ्या गल्लीच्या तोंडाशी मला बघून तुला वाटायचं, आली पुन्हा काहीतरी मागायला.

कालपासून आवरायला घेतलंय. रडले नाही असं लिहिणार होते, पण आता खोटं लिहायचं नाही असं ठरवलंय. स्वयंपाकघरातला नळ सोडला आणि त्याच्या आवाजात भरपूर रडले. पाच वर्षं मला वाटत होतं मी घर विकत घेतेय. मी तर भाडंच भरत होते रे, आणि तुझ्या नावाने.

एकच काम राहिलंय. घराचे मूळ कागद बँकेच्या तिजोरीत आहेत. ते सोडवून सपनाला द्यायचे, तर कागद मिळाल्याच्या फॉर्मवर दोघा कर्जदारांच्या सह्या लागतात. काउंटरवरची ती मुलगी म्हणाली, "सर येऊ शकत नसतील तर घरी नेऊन सही आणा मॅडम, चालेल." मी फॉर्म आणला. टेबलावर ठेवला, पेन उघडलं, माझी सही केली आणि पेन बंद केलं.

फॉर्म सोबत जोडला आहे. घाई नाही, सपना थांबायला तयार आहे. कमलकडे परत दिलास तरी चालेल. मंगळवारी, ३१ तारखेला, अकरा वाजता मी बँकेत असणार आहे. तू यावंस असं म्हणत नाही, मी असणार आहे एवढंच सांगते.

खाली दोन रेघा आहेत. पहिलीवर माझी सही आहे. दुसरी कोरी आहे, मी तिला हात लावलेला नाही.

तुझी
आई